घरातली तीन मशिनं, कलम १२६ आणि ग्राहक आयोगाचं बंद दार

ऑगस्टमधल्या एका रविवारी ताई आमच्या ग्राहक मार्गदर्शन केंद्रात आल्या. केंद्र म्हणजे वाचनालयामागची एक खोली, एक टेबल आणि आळीपाळीने बसणारे आम्ही तिघे. ताईंच्या हातात साडीच्या दुकानाची कापडी पिशवी होती. कागद टेबलावर ठेवायच्या आधीच त्या म्हणाल्या, "भाऊ, माझ्यावर वीजचोरीचा आळ आलाय. ग्राहक कोर्टानं पण केस काढून टाकली. आता लाईट तोडणार म्हणतात."

ताई घरी शिवणकाम करतात. पुढच्या खोलीत एक शिलाई मशीन, एक पिको-फॉलचं, एक ओव्हरलॉकचं आणि एक इस्त्री. वीज जोडणी घरगुती. फेब्रुवारीत वीज कंपनीचं भरारी पथक आलं, पंचनामा झाला आणि आठवडाभराने ३८,६४० रुपयांचं बिल हातात पडलं.

अशा वेळी माणूस पहिल्यांदा आकडा बघतो, आणि त्यात त्याची चूक नाही. पण आम्ही आधी शोधतो तो कलमाचा क्रमांक. सारखीच रक्कम असलेलं बिल वीज कायद्याच्या कलम १२६ (अनधिकृत वापर) खाली आलं की वाट एक, कलम १३५ (वीजचोरी) खाली आलं की दुसरी, आणि मीटर मंद चालत होता किंवा रीडिंग चुकलं म्हणून थकबाकी लावली असेल तर तिसरी. ताईंचे पाच महिने गेले ते हा क्रमांक कुणी वाचला नाही म्हणून.

पिशवीत पाच कागद होते. सगळ्यात महत्त्वाचा होता तो सगळ्यात पुसट: स्थळ पाहणी अहवालाची कार्बन प्रत. ती खिडकीशी धरून वाचली. मीटरचा क्रमांक होता, सीलचे दोन क्रमांक होते आणि त्यांच्यापुढे 'सुस्थितीत' असा शेरा होता. मीटरची जागेवर चाचणी घेतलेली, तीही 'योग्य'. खाली एक ओळ: 'निवासी जोडणीवरून शिवणकामाचा व्यवसाय.' म्हणजे आकडा टाकलेला नव्हता, मीटर उघडलेला नव्हता, वायर मारलेली नव्हती. वापरलेल्या प्रत्येक युनिटची नोंद झालेली होती आणि त्याचे पैसेही भरलेले होते.

दुसरा कागद होता तात्पुरत्या आकारणीचा, कलम १२६ खालचा. तिसरा बिलाचा, आणि त्याच्या माथ्यावर 'वीजचोरी / अनधिकृत वापर' असे दोन्ही शब्द एकाच ओळीत छापलेले होते. यांतलं कुठलं लागू, यावर खूण नाही. गल्लीत बातमी पसरली ती त्या ओळीतल्या पहिल्या शब्दाची. चौथा कागद ताईंनी कंपनीच्या कार्यालयात दिलेला हरकतीचा अर्ज. भाच्याने लिहून दिलेला, त्यावर आवक शिक्का आणि तारीख. पाचवा जिल्हा ग्राहक आयोगाचा आदेश.

भाचा बी.कॉम. झालेला आणि धडपड्या आहे. वीज ही सेवा, आपण तिचे पैसे देतो, म्हणजे आपण ग्राहक, चुकीचं बिल म्हणजे सेवेतली त्रुटी, असा त्याचा सरळ हिशोब होता. मला तो मुळीच भाबडा वाटत नाही. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यातल्या 'सेवा' या शब्दाच्या व्याख्येत वीजपुरवठा नाव घेऊन लिहिलेला आहे. शिवाय पाच लाखांपर्यंतच्या तक्रारीला आयोगात शुल्क नाही, वकील लावायची सक्ती नाही. मार्चमध्ये तक्रार दाखल झाली. निकाल लागेपर्यंत वीज तोडू नये असा अंतरिम आदेशही मिळाला, आणि घरात सगळ्यांना वाटलं की आता सुटलो. जुलैमध्ये कंपनीच्या वकिलाने सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल पुढे ठेवला. तक्रार आयोगापुढे चालण्याजोगी नाही म्हणून निकाली निघाली आणि तिच्याबरोबर अंतरिम आदेशही गेला.

तो निकाल काय म्हणतो

उत्तर प्रदेश पॉवर कॉर्पोरेशनच्या अपिलावर १ जुलै २०१३ रोजी न्या. जी. एस. सिंघवी आणि न्या. सुधांशु ज्योती मुखोपाध्याय यांच्या खंडपीठाने हा निकाल दिला. त्याआधी परिस्थिती उलट होती. २००८ साली झारखंड राज्य वीज मंडळाच्या प्रकरणात राष्ट्रीय ग्राहक आयोगाने ठरवलं होतं की कलम १२६ च्या अंतिम आकारणीविरुद्ध माणूस हवं तर वीज कायद्याखाली अपील करील, हवं तर ग्राहक मंचाकडे, म्हणजे आजच्या ग्राहक आयोगाकडे, येईल. त्याला आधार होता वीज कायद्यातल्याच कलम १७३ चा. या कलमानुसार वीज कायदा २००३ आणि ग्राहक संरक्षण कायदा यांच्यात विसंगती असेल तिथे ग्राहक संरक्षण कायदा वरचढ ठरतो. वीज कायद्याच्या कलम १४५ मध्ये दिवाणी न्यायालयाला मनाई आहे. ग्राहक मंचाचं नाव तिथे नाही.

सर्वोच्च न्यायालयाने कलम १७३ नाकारलं नाही. विसंगती असेल तर ग्राहक कायदाच वरचढ, हे मान्यच केलं. पण त्याच्या आधीचा प्रश्न विचारला: मुळात हा वाद ग्राहक कायद्याच्या चौकटीत बसतो का? ग्राहक मंचाकडे येणारी 'तक्रार' कशाबद्दल असू शकते हे कायद्यात ठरलेलं आहे. अनुचित किंवा निर्बंधक व्यापारी प्रथा, सेवेतली त्रुटी, घातक सेवा, कायद्याने ठरलेल्या दरापेक्षा जास्त आकारणी. विजेचा अनधिकृत वापर ही वापरणाऱ्याची कृती आहे, पुरवणाऱ्याची नव्हे, म्हणून ती यांतल्या कुठल्याच खणात बसत नाही. आकारणी अधिकारी नोटीस देतो, ऐकून घेतो आणि आदेश काढतो, म्हणजे त्याचं काम अर्धन्यायिक, न्यायाधीशासारखं आहे. त्या आदेशाला सेवा म्हणता येत नाही. वीजचोरी तर गुन्हाच, त्याचा खटला विशेष न्यायालयात. म्हणून कलम १२६ ची आकारणी असो की कलम १३५ ते १४० खालचे गुन्हे, त्याविरुद्धची तक्रार ग्राहक मंचापुढे चालणार नाही.

भाच्याने या निकालातली एक फट बरोबर हेरली होती. त्या प्रकरणातल्या जोडण्या औद्योगिक आणि व्यावसायिक होत्या, आणि असे लोक ग्राहक कायद्याच्या अर्थाने 'ग्राहक'च नाहीत, असंही न्यायालयाने म्हटलं आहे. त्याचा युक्तिवाद होता की मामी स्वयंरोजगारातून पोट भरणारी बाई आहे, अशा माणसाला कायदा ग्राहक मानतो, म्हणून हा निकाल तिला लागू नाही. पहिला भाग अगदी खरा. पण निकालाचं दुसरं पाऊल माणूस कोण यावर उभं नाही, वाद कशाचा यावर उभं आहे. ताई ग्राहक ठरल्या तरी कलम १२६ ची आकारणी 'तक्रार' ठरत नाही. आयोगाने आदेशात हेच लिहिलं, आणि माझ्या मते ते बरोबर लिहिलं. १९८६ चा कायदा जाऊन २०१९ चा आला तरी या व्याख्यांचा गाभा तोच राहिला, त्यामुळे निकालाचं बळही तेवढंच आहे.

कायद्याच्या दृष्टीने मला हा निकाल पटतो. खटकतं ते दुसरंच. वाद कुठल्या दारात जाणार हे ज्या शिक्क्यावर ठरतं, तो शिक्का मारते कंपनी. आकारणी अधिकारी राज्य सरकारने नेमलेला असला तरी बहुधा असतो वीज कंपनीचाच अभियंता. आणि कायद्यात या दोन कलमांच्या हद्दी एकमेकींवर चढलेल्या आहेत. छेडछाड केलेल्या मीटरमधून वीज घेणं कलम १२६ मध्येही आहे आणि १३५ मध्येही. मंजूर कारणाऐवजी दुसऱ्या कारणासाठी वापरणंही दोन्हीकडे. फरक एका शब्दाचा, 'अप्रामाणिकपणे'. ओडिशातल्या एका राइस मिलच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये ही रेघ स्पष्ट केली होती: १३५ ला अप्रामाणिक हेतू लागतो, १२६ ला लागत नाही. पण हेतू कार्बन प्रतीवर लिहिलेला नसतो. तो पथकातला माणूस ठरवतो, दारात उभा राहून, दहा मिनिटांत.

मग जायचं कुठे

वीज कंपनीचा ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच हे पुढचं दार लोकांना सुचतं. तेही बंद. महाराष्ट्र वीज नियामक आयोगाच्या विनियमांनी कलम १२६ आणि १३५ ते १३९ ची प्रकरणं मंचाच्या कक्षेबाहेर ठेवली आहेत. कलम १२६ साठी दिवाणी न्यायालय १४५ ने बंद, ग्राहक आयोग २०१३ च्या निकालाने बंद. उरतात दोन पायऱ्या: आधी त्याच आकारणी अधिकाऱ्यापुढची सुनावणी, मग कलम १२७ चं अपील. आपल्याकडे ते विद्युत निरीक्षकाकडे जातं. त्यापुढे उच्च न्यायालय.

पहिली पायरी लोक ओलांडून जातात, कारण ती पायरी आहे हेच कळत नाही. पथक गेल्यावर जो कागद येतो ती असते तात्पुरती आकारणी. तिच्यावर हरकत घ्यायचा हक्क आहे, सुनावणीचा हक्क आहे, आणि तात्पुरता आदेश हाती पडल्यापासून ३० दिवसांत अंतिम आदेश काढणं अधिकाऱ्यावर बंधनकारक आहे. कागदावर 'सात दिवसांत भरा' असंही असतं. ते सात दिवस आकारणी मान्य असणाऱ्यासाठी आहेत. घाबरून कबुली देऊन भरलं तर पुढे अपिलाची वाट अडते, कारण संमतीने झालेल्या अंतिम आदेशावर कलम १२७ खाली अपील नाही. वीज तुटू नये म्हणून भरावंच लागलं तर 'हक्क राखून, हरकतीसह' असं पावतीसोबतच्या अर्जावर लिहायचं आणि त्यावर शिक्का घ्यायचा. हे मी जवळजवळ प्रत्येक रविवारी कुणाला तरी सांगतो.

ताईंच्या पिशवीत आम्हाला नेमकं हेच सापडलं. हरकतीचा अर्ज होता, त्यावर आवक शिक्का होता. सुनावणीचं पत्र नव्हतं. अंतिम आदेशही नव्हता. मी तीनदा विचारलं, "ताई, बोलावून घेतलं होतं का तुम्हाला? कुठं सही केलीत का?" त्यांनी तीनदा नाही म्हटलं. तात्पुरत्या आकारणीवरूनच बिल निघालं होतं. कायद्याने ही कंपनीची चूक, पण त्या दिवशी तीच आमच्या उपयोगी पडली. अपिलाची ३० दिवसांची मुदत अंतिम आदेशापासून मोजतात. आदेशच नाही, म्हणजे मुदत सुरूच झाली नव्हती. अंतिम आदेश मार्चमध्ये निघाला असता तर आयोगाच्या तारखा घेता घेताच ती मुदत संपून गेली असती.

आता ताईंचं म्हणणं काय होतं ते. कागदपत्रांच्या गडबडीत ते सगळ्यात मागे पडलं होतं, आणि सगळ्यात भक्कम तेच होतं. महाराष्ट्र वीज नियामक आयोगाच्या दर आदेशात निवासी वर्गवारीच्या यादीत एक नोंद आहे: राहत्या घराच्या काही भागात व्यवसाय करणारा, ज्याचा महिन्याचा वापर ३०० युनिटपर्यंत आणि मागच्या आर्थिक वर्षातला एकूण वापर ३,६०० युनिटपर्यंत आहे, त्याला निवासी दरच लागू. वापर त्यापुढे गेला तरी आधी कळवून पुढच्या काळासाठी दर बदलायचा, असं त्यात म्हटलं आहे. पापड लाटणाऱ्या, शिवणकाम करणाऱ्या, शिकवण्या घेणाऱ्या हजारो घरांसाठी ही नोंद आहे आणि बहुतेकांना ती माहीतच नाही. ताईंकडून मागच्या वर्षाची बारा बिलं मागवली. त्या एका डब्यात बिलं जपून ठेवतात, सुईदोऱ्याच्या डब्याशेजारी. बेरीज केली: १,६८२ युनिट. सगळ्यात जास्तीचा महिना मे, १७८. वर्षाच्या मर्यादेच्या निम्म्यालाही वापर पोचत नव्हता.

म्हणजे ताई मुळातच बरोबर होत्या. आयोगाने तक्रार काढून टाकली म्हणजे त्या चोर ठरल्या, असं गल्लीत झालं होतं. आयोगाने त्याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. आयोग एवढंच म्हणाला होता की हे आमच्याकडे नाही. हा फरक ताईंना समजावून सांगायला मला अर्धा तास लागला, आणि तो अर्धा तास सगळ्यात महत्त्वाचा होता असं मला वाटतं. त्या पहिल्यांदा नीट बसल्या. तोवर खुर्चीच्या कडेवर होत्या.

आकारणी अधिकाऱ्याला पत्र दिलं. हरकतीच्या अर्जाची प्रत, बारा बिलांच्या झेरॉक्स, दर आदेशातलं ते पान, आणि एकच मागणी: कलम १२६(३) प्रमाणे सुनावणी देऊन अंतिम आदेश काढावा, तोवर जोडणी तोडू नये. सुनावणी झाली, दहा मिनिटांची. साहेब वागायला वाईट नव्हते. पान वाचलं, म्हणाले, "हे बरोबर असेल, पण पथकाचा अहवाल आलाय, मला बदलता येत नाही." कायदा सांगतो की त्यांना बदलता येतं, सुनावणी असते ती त्याचसाठी. अंतिम आदेश तात्पुरत्याचीच नक्कल होता, रक्कम तीच ३८,६४०. ३,६०० युनिटच्या मुद्द्यावर एक अक्षर नाही.

मग अपील, आणि इथे गरीब माणूस अडतो. कलम १२७ च्या अपिलाआधी आकारणीची अर्धी रक्कम भरावी लागते. २००७ च्या दुरुस्तीआधी ती एक तृतीयांश होती. ताईंसाठी अर्धी म्हणजे १९,३२०. ग्राहक आयोगात जिथे शून्य रुपये लागले होते, तिथे आता एकोणीस हजार, तेही ज्या पैशाचं देणं मुळात नाही असं आपण म्हणतोय त्यासाठी. आणि न भरता थांबावं तर चुकवलेल्या रकमेवर १६ टक्के व्याज, दर सहामाहीला चक्रवाढ. ताईंनी बचत गटातून कर्ज काढलं, महिन्याला शेकडा दोन. ग्राहक आयोगाचं दार बंद झाल्याची खरी किंमत मला त्या दिवशी कळली. निकालपत्रात ती दिसत नाही. अपीलकर्त्याची अर्धी रक्कम अडकवण्यामागचा हेतू मला समजतो. चोरी करून वर्षानुवर्षं अपिलात वेळ काढणारे आहेत. पण सील शाबूत आणि मीटर योग्य असलेल्या घरगुती ग्राहकाला त्याच चाळणीतून काढणं अन्यायाचं आहे, आणि ही तरतूद बदलली पाहिजे असं माझं स्पष्ट मत आहे.

एक गोष्ट मात्र या प्रकरणात सुदैवाची. कंपनीने कलम १३५ लावलं नव्हतं. ते लावलं असतं तर वीज लगेच तोडता आली असती, तोडल्यापासून २४ तासांत पोलीस ठाण्यात लेखी फिर्याद गेली असती आणि प्रकरण विशेष न्यायालयात. तिथे 'तडजोड शुल्क भरा आणि मोकळे व्हा' असा सल्ला दारातच मिळतो. कलम १५२ च्या तक्त्यात घरगुती वापर 'इतर' मध्ये येतो, किलोवॅटमागे ४,००० रुपये. शुल्क भरलं की गुन्ह्यातून सुटका होते, पण ही सवलत आयुष्यात एकदाच, आणि विजेच्या आकारणीची रक्कम वेगळी ती वेगळीच राहते. तडजोड भरली म्हणजे सगळं मिटलं असं समजून बसलेल्यांना पुढचं बिल आलं की धक्का बसतो.

ग्राहक आयोग विजेच्या बाबतीत निरुपयोगी झाला, असा अर्थ मात्र कुणी काढू नये. २०१३ च्याच निकालात दोन्ही कायदे समांतर चालतात असं म्हटलं आहे. महिनोन्महिने सरासरी बिल येतंय, मीटर बदलून मिळत नाही, अर्ज करून पैसे भरून जोडणी रखडली, मंजूर दरापेक्षा जास्त दर लावला: हे सगळं सेवेतलं, आणि आयोगाच्या कक्षेतलं. चोरीच्या प्रकरणातसुद्धा आकारणीची रक्कम भरल्यावर ४८ तासांत वीज जोडून देणं कलम १३५ नेच कंपनीवर बंधनकारक केलं आहे. ती जोडली नाही तर मागायचं ते आकारणी रद्द करण्याचं नव्हे, पुरवठा सुरू करण्याचं. मात्र चोरीच्या बिलालाच 'सेवेतली त्रुटी' असं नाव देऊन तक्रार दाखल करणारे वकील अजून भेटतात. आयोग नावाकडे नाही, जोडलेल्या कागदाकडे बघतो. कागदावर १२६ असेल तर पहिल्या दोन-चार तारखांतच ते बाहेर पडतं आणि अशिलाचे महिने जातात.

विद्युत निरीक्षकांकडे दोन सुनावण्या झाल्या. कंपनीच्या प्रतिनिधीने पथकाच्या अहवालावर बोट ठेवलं. आम्ही बारा बिलांचा तक्ता आणि दर आदेशातलं पान ठेवलं. निरीक्षकांनी एकच प्रश्न विचारला: मागच्या आर्थिक वर्षाचा वापर ३,६०० च्या वर गेला होता का? प्रतिनिधीने आपल्याच संगणकाचा उतारा पाहिला आणि नाही म्हणाला. आकारणी रद्द झाली.

भरलेले १९,३२० कंपनीने बिलात वजा दाखवले. ताई ते बिल घेऊन आल्या आणि विचारलं, "हे वजा म्हणजे मी देणं लागते का मला येणं आहे?" येणं आहे, म्हटल्यावर त्यांनी लगेच हिशोब केला: महिन्याचं बिल हजार-अकराशेचं, म्हणजे दीड वर्ष वीज फुकट, पण गटाचं व्याज तर रोख जातंय. तेव्हा पुन्हा एक अर्ज, रक्कम बँक खात्यात परत द्यावी म्हणून. ती मिळायला आणखी दोन महिने गेले. कर्ज फिटलं त्या रविवारी ताई परत आल्या, पेढे घेऊन. जाताना त्यांनी दर आदेशातल्या त्या पानाच्या तीन झेरॉक्स मागितल्या. एक आपल्या मशीनच्या वर भिंतीवर लावायला, आणि दोन गल्लीतल्या दोघींसाठी. त्याही घरी ब्लाऊज शिवतात.